तक्रार न करणारी सहधर्मचारिणी

हल्ली आपल्याकडे सत्कारसमारंभांचे पीक उदंड आले आहे. सेवानिवृत्ती, एकसष्टी, अमृतमहोत्सव, ग्रंथप्रकाशन. निमित्त कोणतेही असो, आमच्या कोल्हापुरात महिन्यातून एकदोन वेळा तरी अशा समारंभास हजर राहण्याचा योग सभ्य गृहस्थास येतोच. हारतुरे होतात, मानपत्राचे वाचन होते, अध्यक्ष घड्याळाकडे पाहत बोलतात, आणि अखेर सत्कारमूर्ती उत्तर देण्यास उभे राहतात. गुरुजन, मित्र व संस्थाचालक यांचे ऋण मान्य करून झाले म्हणजे ते पहिल्या रांगेत नव्या पैठणीत बसलेल्या आपल्या पत्नीकडे हात करतात आणि म्हणतात, "या साऱ्या वाटचालीत हिची मोलाची साथ लाभली. पस्तीस वर्षांच्या संसारात हिने कधी एका शब्दाने तक्रार केली नाही." टाळ्यांचा कडकडाट होतो. बाई मान किंचित खाली घालून हसतात. त्यांनी दोन शब्द बोलावेत अशी विनंती मात्र कोणी करीत नाही.

प्रस्तुत लेख या एका वाक्याविरुद्ध आहे.

हे वाक्य उच्चारणारा गृहस्थ दुष्ट नसतो, आणि खोटेही बोलत नसतो. आपण पत्नीची परमावधीची स्तुती करीत आहो अशीच त्याची प्रामाणिक समजूत असते. परंतु वाक्याचा अर्थ जरा नीट लावून पाहावा. दोन माणसे पस्तीस वर्षे एका घरात, एका मिळकतीवर, त्याच त्या आजारपणांतून आणि त्याच त्या गोतावळ्यातून गेली, आणि त्यांपैकी एकाला तक्रारीचे कारण एकदाही पडले नाही, हे संभवत नाही. देवादिकांच्या संसारातही असे घडल्याचे पुराणे सांगत नाहीत. तेव्हा दोनच पर्याय उरतात. एक तर तिने तक्रार केली आणि ती याच्या कानापर्यंत पोहोचली नाही. अथवा तक्रार करून उपयोग नाही हे संसाराच्या आरंभीच केव्हातरी तिच्या ध्यानी आले आणि तिने ती करणे सोडून दिले. पहिला पर्याय खरा असेल तर ते वाक्य त्याच्या बहिरेपणाचा दाखला आहे, आणि दुसरा खरा असेल तर तिच्या निराशेचा. स्तुती अशी त्यात कोठेच नाही. माझे म्हणणे असे की, ज्याला आपण मध्यमवर्गीय मंडळी समंजसपणा म्हणतो, मुरलेला संसार म्हणतो, तो पुष्कळ घरांत निव्वळ दुरावाच असतो. त्याला चांगले नाव देऊन आपणच तो पोसला आहे. आणि त्याची अधिक जबाबदारी, न ऐकता ज्याचे आजवर काही अडले नाही त्या पुरुषावर आहे.

विषयाची मर्यादा आधीच सांगून टाकतो. जेथे मारझोड आहे, व्यसन आहे, उघड परित्याग आहे, अशा घरांविषयी येथे लिहावयाचे नाही. त्या दुःखांना नावे आहेत, आणि नावे आहेत म्हणून इलाजही आहेत. स्त्रियांना क्रूरपणे वागविण्यास प्रतिबंध करणारा कायदा राजर्षी शाहू महाराजांनी आपल्या संस्थानात १९१९ साली केला, ही आम्हां कोल्हापूरकरांस अभिमान वाटावी अशी गोष्ट आहे. पुढे स्वतंत्र भारतात १९५५ चा हिंदू विवाह कायदा आला. १९७६ च्या दुरुस्तीने क्रूरता हे घटस्फोटाचे कारण ठरले आणि परस्परसंमतीची वाटही खुली झाली. पण कायद्याचा हात पोहोचून पोहोचणार कोठवर? समर घोष आणि जया घोष या सनदी सेवेतील पतिपत्नींच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली मानसिक क्रूरतेची विस्तृत चर्चा केली. उपेक्षा आणि बेपर्वाई असह्य होण्याच्या थरास गेली तर ती क्रूरता ठरू शकेल. परंतु नुसता थंडपणा किंवा मायेचा अभाव एवढ्याने क्रूरता सिद्ध होत नाही, असा तिचा रोख होता. न्यायालयाचे बरोबरच आहे. मायेच्या अभावावर हुकूमनामा काढता येत नाही. उगारलेला हात कायद्याला अडविता येतो. मिटलेले तोंड त्याला उघडता येत नाही, आणि मिटलेले कान तर मुळीच नाहीत. म्हणूनच हा प्रश्न न्यायाधीशांचा नसून तुमचा-आमचा आहे.

आता या दुराव्याचे स्वरूप पाहू. मराठीत ‘अबोला’ असा एक अर्थपूर्ण शब्द आहे. अबोला धरावा लागतो, म्हणूनच तो सोडताही येतो. तो धरणाऱ्याच्या मनात अपेक्षा असते. समोरच्याने ओळखावे, विचारावे, समजूत काढावी. संस्कृत साहित्यशास्त्रकारांनी ‘मान’ हा शृंगाराच्या प्रकरणात घातला तो उगाच नव्हे. अबोला हे एक प्रकारचे बोलणेच आहे, आणि पुष्कळदा फार मोठ्याने केलेले. मी ज्या दुराव्याविषयी लिहीत आहे त्याची खूण नेमकी उलट आहे. त्या घरात अबोला कधीच नसतो. तेथे सकाळपासून रात्रीपर्यंत बोलणे अखंड चालू असते. दुधाचे बिल, गॅसचा सिलिंडर, भाच्याच्या लग्नाचा आहेर, गुडघेदुखीची गोळी, नळाला न आलेले पाणी, या सर्वांवर यथास्थित संभाषण होते. बाहेरच्याला वाटावे, काय हा एकोपा! परंतु त्या दिवसभराच्या बोलण्यातील एकही वाक्य असे नसते की जे एखाद्या विश्वासू कारकुनाला सांगता आले नसते. ‘तुला काय वाटते?’ हा प्रश्न त्या घरात भिंतींच्या रंगाविषयी विचारला जातो. गेलेल्या वर्षांविषयी विचारला जात नाही.

मुले लहान असतात तोवर हे फारसे जाणवतही नाही. मूल हे आपल्या घरांतील टपालखाते असते. ‘बाबांना म्हणावे, पान वाढले आहे,’ ‘आईला विचार, किल्ली कोठे ठेवली,’ असे निरोप त्याच्या हाती जातात-येतात, आणि आपण एकमेकांशी बोलत आहो असा भ्रम दोन्ही बाजूंस राहतो. पुढे मुलगा पुण्यास नोकरीला जातो, मुलगी लग्न होऊन परदेशी जाते, आणि एके दिवशी टपालखाते बंद पडते. राजारामपुरीतील किंवा ताराबाई पार्कातील प्रशस्त घरात साठीची दोन माणसे समोरासमोर बसतात आणि त्यांना कळून येते की, गेली तीस वर्षे आपण परस्परांशी नव्हे, तर मुलांच्या द्वारे आणि मुलांविषयीच बोलत आलो. मग एक जण वर्तमानपत्र उघडतो आणि दुसरे स्वयंपाकघरात जाते. कोणी कोणावर रागावलेले नसते. राग असता तर बरे झाले असते, असे म्हणण्याची ती अवस्था असते.

या म्हणण्यावर आक्षेप घेतले जातील हे मी जाणून आहे. ते क्रमाने घेऊ.

पहिला आक्षेप रसिकांचा. ते म्हणतील, खरे प्रेम मुके असते. ज्यांची मने जुळली त्यांना शब्दांची गरज काय? हा आक्षेप ऐकावयास गोड आहे, आणि क्वचित खराही असतो. परंतु पुष्कळ बोलल्यानंतर येणारे मौन आणि मुळात न बोलल्यामुळे असलेले मौन यांतील भेद त्यात पुसला जातो. एक मौन भरलेल्या घागरीचे असते, दुसरे रिकाम्या. शिवाय दुरावा शब्दांच्या संख्येवर मुळी अवलंबूनच नाही. आपल्याच एका महाकवीची साक्ष काढतो. भवभूतीच्या ‘उत्तररामचरिता’चा पहिला अंक पाहावा. तेथे राम आणि सीता चित्रे पाहत पाहत वनवासातील दिवस आठवितात. एकमेकांशी बोलता बोलता रात्रच कशी सरून जाई, याची आठवण राम काढतो. इतके बोलके दांपत्य संस्कृत नाटकांत क्वचितच सापडेल. आणि त्याच अंकाच्या शेवटी काय होते? लोकापवादाची वार्ता येते, रामाचा निर्णय होतो, त्या वेळी सीता त्याच्या जवळच निजलेली असते. आणि तिच्या उभ्या आयुष्याशी संबंध असलेल्या त्या एका गोष्टीविषयी तो तिला एक अक्षर सांगत नाही. साऱ्या रात्री ज्यांना अपुऱ्या पडल्या त्यांच्यात नेमके तेवढेच बोलणे झाले नाही. पुढे बारा वर्षांनी, तिसऱ्या अंकात, पंचवटीच्या परिसरात राम शोक करतो तेव्हा सीता अदृश्य रूपाने त्याच्याजवळ उभी असते आणि त्याच्या मनात काय होते ते तिला प्रथमच ऐकावयास मिळते. आम्ही प्राध्यापक मंडळी या अंकातील करुणरसाची वाखाणणी करतो. परंतु पतीचे मन ऐकण्यासाठी पत्नीला अदृश्य व्हावे लागले, यातील दंश विद्यार्थ्यांस दाखविण्याचे आपण बहुधा विसरतो.

दुसरा आक्षेप संस्कृतीच्या अभिमान्यांचा. नवराबायकोने समोरासमोर बसून मन मोकळे करणे हे पाश्चात्त्यांचे खूळ आहे; इब्सेनची नोरा १८७९ साली दार आपटून घराबाहेर पडली, अनंत काणेकरांनी ‘घरकुल’ या नावाने तिला मराठीत आणले, आणि तेव्हापासून इंग्रजी शिकलेल्यांच्या डोक्यात हे शिरले; आमच्या आज्या-पणज्यांना असल्या संवादाची भूक नव्हती, असा त्यांचा युक्तिवाद असतो. भूक नव्हती हे यांना कोणी सांगितले? पहाटे उठून जात्यावर बसणाऱ्या बाईने काय केले ते पाहा. तिने दगडाला साथीला घेतले आणि मन मोकळे केले. साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’ या संग्रहात अशा ओव्या एकत्र केल्या. पुढे हेमा राईरकर आणि गी पॉइत्व्हाँ यांनी खेडोपाडी हिंडून लाखाहून अधिक ओव्यांचा संग्रह उभा केला. एका प्रदेशातील बायांनी दळता दळता लाखावर ओव्या रचल्या, त्या काय बोलण्याची भूक नव्हती म्हणून? त्यांत आई आहे, माहेर आहे, पाठचा भाऊ आहे, लेकरे आहेत, पंढरीचा विठोबा तर आहेच. घरधनी अगदीच नाही असे नाही. परंतु ऐकणारा म्हणून त्याला हाक मारलेली फारशी आढळत नाही. ऐकण्याचे काम जात्याकडे आणि पांडुरंगाकडे होते.

भाषेनेही तीच साक्ष दिली आहे. पतीचे नाव घ्यावयाचे नाही. घ्यावयाचे तर उखाण्यात, चारचौघींनी आग्रह केला म्हणून. एरवी त्याचा उल्लेख ‘इकडून’, ‘तिकडची स्वारी’ असा दिशादर्शक. जणू काही तो मनुष्य नसून वारा आहे. वाड्याची रचनाही त्यास अनुरूप होती: पुरुषाचा सोपा, बाईचे माजघर, आणि मध्ये चौक. वडील माणसांदेखत पतीशी बोलणे हा मर्यादेचा भंग. या व्यवस्थेत दुरावा होता, परंतु तो उघड होता, घराच्या नकाशातच आखलेला होता. आज सोपा गेला, माजघर गेले, तीन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये चौक कोठून असणार? बाई पतीला नावाने हाक मारू लागली. तरीही दुरावा राहिलाच, आणि आता तो नकाशात दिसत नाही म्हणून तो नाहीच असे आपण मानून चाललो आहो.

ज्यांनी ही भिंत मोडण्याचा मनापासून यत्न केला त्यांच्याही घरी ती कशी टिकून राहिली, हे पाहण्यासारखे आहे. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचे बालपण याच करवीरनगरीत गेले. १८७३ साली त्यांचा दुसरा विवाह झाला तेव्हा ते ३१ वर्षांचे आणि रमाबाई ११ वर्षांच्या होत्या. त्यांनी पत्नीला शिकविले, घरातील बायांचा विरोध सोसून शिकविले; त्या काळात हे केवढे धैर्य होते हे निराळे सांगावयास नको. आणि तरीही रमाबाईंच्या आठवणी वाचताना एक गोष्ट मनास लागते. रानडे रागावले म्हणजे ओरडत नसत. ते बोलणे थांबवीत. एका प्रसंगी आपले वागणे त्यांच्या मनास लागले आणि ते रात्रभर एक शब्दही बोलले नाहीत, तेव्हा आपली काय अवस्था झाली ते रमाबाईंनी लिहून ठेवले आहे. ज्याच्या वाणीवर सारा महाराष्ट्र कान देऊन होता त्याचे मौन ही त्या घरातील सर्वांत मोठी शिक्षा होती. सज्जनाच्या हातीही मौन हे शस्त्र होऊ शकते. ज्याच्याकडे अधिकार आहे त्याचे मौन आणि ज्याच्याकडे तो नाही त्याचे मौन ही एकच गोष्ट नव्हे. पहिले ऐकू येते, दुसरे ऐकू येत नाही.

दुसरे उदाहरण आमच्या गावाच्या अधिक जवळचे आहे. डॉक्टर आनंदीबाई जोशी यांचे लग्न १८७४ साली, वयाच्या नवव्या वर्षी, गोपाळरावांशी झाले. टपालखात्यातील नोकरीमुळे गोपाळराव काही काळ कोल्हापुरास होते, आणि पत्नीच्या शिक्षणासाठी परदेशी मिशनऱ्यांशी पत्रव्यवहाराचा त्यांचा उद्योग येथूनच सुरू झाला. पत्नीने शिकलेच पाहिजे हा त्यांचा ध्यास खरा होता. त्या ध्यासापायी लहानग्या मुलीला त्यांनी मारले, सोडून जाण्याची भीती घातली, हेही तितकेच खरे. त्या मुलीने याविषयी तोंड उघडले ते केव्हा? १८८३ साली ती एकटी अमेरिकेस गेली त्यानंतर. तेथून पतीला लिहिलेल्या पत्रात, दहाव्या-बाराव्या वर्षी आपण काय सोसले आणि निमूटपणे का सोसले, हे तिने शांत शब्दांत लिहिले. एका छपराखाली जे ओठांवर आले नाही ते मध्ये दोन महासागर पडल्यावर कागदावर उतरले. समोर असलेल्या माणसापेक्षा दूर असलेल्या माणसाशी बोलणे सोपे वाटावे, हे त्या ‘समोर असण्या’विषयी काय सांगते? १८८६ साली ती डॉक्टर होऊन परतली. कोल्हापूरच्या आल्बर्ट एडवर्ड रुग्णालयात स्त्रियांच्या विभागावर तिची नेमणूकही झाली होती. ती जागा घेण्यापूर्वीच २६ फेब्रुवारी १८८७ रोजी तिचे निधन झाले. त्या वेळी तिला बाविसावे वर्षही पुरे झाले नव्हते. पती-पत्नींच्या या पत्रातील बोलण्याला पुढे घरात बसून बोलण्याइतका अवधी मिळाला नाही.

येथे मराठी वाङ्मयाचे एक वैशिष्ट्य वाचकांच्या नजरेस आणावेसे वाटते. पत्नीने लिहिलेल्या आठवणींची आपली परंपरा मोठी आणि गौरवास्पद आहे. रानडे १९०१ साली वारले. रमाबाईंचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ १९१० साली प्रसिद्ध झाले. रेव्हरंड टिळक १९१९ साली गेले. लक्ष्मीबाईंची ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून येऊ लागली. आमच्या राजाराम कॉलेजात फारसी शिकविणारे कवी माधव जूलियन १९३९ साली गेले. लीलाबाई पटवर्धनांचे ‘आमची अकरा वर्षे’ १९४५ साली आले. पती हयात असताना, त्यांच्या देखत, असे पुस्तक सुनीताबाई देशपांडे यांनी १९९० साली ‘आहे मनोहर तरी’ या नावाने प्रसिद्ध केले, तेव्हा सुशिक्षित महाराष्ट्र किती दचकला होता हे माझ्या वयाच्या वाचकांस स्मरत असेल. या सर्व घरांत दुरावा होता असे मला मुळीच म्हणावयाचे नाही. प्रेमाच्या असंख्य खुणा या पुस्तकांत पानोपानी आहेत. माझा मुद्दा वाचकांविषयी आहे. पत्नीने पतीविषयीचे आपले मन त्याच्या मागे सांगितले तर ती स्मृती, आणि त्याच्यासमोर सांगितले तर तो गौप्यस्फोट, हा न्याय आपण कोठून काढला? हजारो वाचकांनी ऐकलेले चालते. त्या एका माणसाने ऐकलेले चालत नाही! आणि ज्यांना लिहिता आले त्यांची ही गोष्ट झाली. ज्यांना लिहिता आले नाही, किंवा आले तरी ज्यांचे पती प्रसिद्ध नसल्यामुळे ज्यांना कोणी प्रकाशक मिळाला नाही, त्यांचे काय झाले याचा हिशेब कोणत्या वाङ्मयेतिहासात आहे?

असा न्याय केवळ आपल्याकडेच आहे असे नव्हे. थॉमस हार्डी या इंग्रज कादंबरीकाराने १८७४ सालीच, म्हणजे गोपाळराव-आनंदीबाईंचे लग्न झाले त्याच वर्षी, एमा गिफर्डशी प्रेमविवाह केला. पुढे त्यांच्यात असा दुरावा आला की, एकाच घरात राहूनही एमा माळ्यावरच्या खोल्यांत आपला वेगळा दिवस काढू लागली. १९१२ च्या नोव्हेंबरात ती वारली. पतीविषयी तिने लिहून ठेवलेले कागद मागाहून हार्डीच्या हाती लागले आणि त्याने ते जाळून टाकले. मग त्याने तिच्यावर कविता लिहिल्या. इंग्रजीतील उत्तमोत्तम विलापिकांत त्यांची गणना होते आणि आम्ही त्या एम. ए. च्या वर्गात शिकवितो. शिकविताना मला नेहमी वाटते की, यांतील एका कवितेचा आशय जरी जिवंतपणी जिना चढून वर जाऊन सांगितला असता, तर इंग्रजी काव्याचे काही नुकसान झाले असते आणि दोन माणसांचे कल्याण झाले असते. हा सौदा मी तरी आनंदाने मान्य करीन.

तिसरा आक्षेप व्यवहारी लोकांचा. मने मोकळी करावयास गेले म्हणजे भांडणे होतात, झाकली मूठ सव्वा लाखाची, असे ते म्हणतात. भांडणे होतात हे खरे. परंतु भांड्याला भांडे लागावयाचेच, असेही आपलीच म्हण सांगते. आवाज येतो तो भांडी जवळजवळ असतात म्हणून. या आक्षेपाला लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रां’सारखे उत्तर नाही. त्या घराइतके मोठ्याने भांडणारे दांपत्य मराठी वाङ्मयात दुसरे नसेल. टिळकांच्या हाती पैसा टिकत नसे, ते मनात येईल तेव्हा उठून चालू लागत, आणि लक्ष्मीबाई त्यांना त्याचा जाब विचारीत. १८९५ साली टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला तेव्हा तर भूमीच दुभंगली. काही वर्षे दोघे वेगळे राहिले आणि १९०० साली लक्ष्मीबाईंनी स्वतःच्या विचाराने बाप्तिस्मा घेतला. एवढा प्रचंड दुरावा पडूनही दोघे एकमेकांपासून तुटले नाहीत, याचे कारण दोघेही रागावत होते, रडत होते, विचारीत होते, सांगत होते. तक्रार त्या घरात कधी संपली नाही, म्हणून प्रीतीही संपली नाही. ज्याची तक्रार करावयाची त्याच्याकडून काही मिळेल अशी आशा असल्यावाचून कोणी तक्रार करीत नाही. सरकारी कचेरीत अर्ज करणाऱ्यालाही ती आशा असते. अर्ज येणे बंद झाले म्हणजे रयत सुखी झाली असे फक्त आळशी मामलेदार समजतो.

चौथा आक्षेप सर्वांत नवा आणि सर्वांत सोयीचा आहे. सारा दोष मोबाइलचा, असे सांगून मंडळी मोकळी होतात. रात्री जेवणे झाल्यावर एकाच सोफ्याच्या दोन टोकांना दोघे आपापल्या लहानशा पडद्यात तोंड घालून बसतात, हे मीही पाहतो. पण त्यापूर्वी तेथे दूरचित्रवाणी होती. तिच्यापूर्वी वर्तमानपत्र होते. त्याच्याही पूर्वी सोप्यावरची पानसुपारीची बैठक होती, आणि ती रात्री बारापर्यंत चाले. पळून जाण्याची साधने प्रत्येक पिढीला मिळाली. साधन पळावयास लावीत नाही. ज्याला पळावयाचे आहे त्याला ते आडोसा देते. मोबाइल उद्या समुद्रात बुडविले तरी ‘आज तू गप्प का?’ हा प्रश्न आपोआप कोणाच्या तोंडून बाहेर पडणार नाही.

हे सर्व लिहिताना स्त्रियांचा पक्ष घेऊन पुरुषांना आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करणे एवढाच माझा हेतू आहे असे कोणी समजू नये. स्त्रियांनीही मौनाचा सूड घेतल्याची उदाहरणे आहेत. साऱ्या घराला आपल्याभोवती गोळा करून पतीला पाहुण्यासारखे वागविणाऱ्या गृहिणी कोणी पाहिल्या नाहीत? आणि पुरुषाची स्थितीही दयनीयच आहे. त्याला कर्तव्याची भाषा शिकविली, मनाची शिकविली नाही. मुलगा रडला की ‘बायकांसारखा काय रडतोस’ असे म्हणून आपण त्याचे अर्धे शब्दभांडार पाचव्या वर्षीच काढून घेतो, आणि तिसाव्या वर्षी त्याने पत्नीशी हळुवार बोलावे अशी अपेक्षा करतो. संध्याकाळी रंकाळ्यावर जाऊन पाहावे: नुकतेच सेवानिवृत्त झालेले कित्येक गृहस्थ पत्नीच्या दहा पावले पुढे चालत असतात. ते काही तिला टाळीत नसतात. बरोबरीने चालावयाचे म्हणजे काय बोलावयाचे, हे त्यांना खरोखरच सुचत नसते. कचेरी होती तोवर ते झाकले गेले होते. परंतु न शिकविले जाणे ही सबब वयाच्या पंचविशीपर्यंत चालते. ज्याने नोकरीसाठी खात्याच्या परीक्षा दिल्या, पन्नाशीत संगणक शिकला, साठीत योगासने शिकला, त्याला हे एकच शिकता येत नाही असे कसे मानावे?

करावयाचे तरी काय, असे वाचक विचारतील. मोठा कार्यक्रम मजजवळ नाही. समुपदेशक आहेत, शिबिरे आहेत. ज्यांना उपयोग होईल त्यांनी अवश्य जावे. मी एक लहान गोष्ट सुचवितो. पतीने पत्नीला एक प्रश्न विचारावा: ‘इतक्या वर्षांत तू मला काय सांगितले नाहीस?’ आणि उत्तर येईल तेव्हा तीन गोष्टी करू नयेत. त्याचा खुलासा करू नये, त्याला प्रत्युत्तर देऊ नये, आणि ‘मग तेव्हाच का बोलली नाहीस?’ असे तर चुकूनही म्हणू नये. कारण त्या प्रश्नाचे उत्तर दोघांनाही ठाऊक असते. नुसते ऐकावे. आमच्या व्यवसायातील लोकांस हे विशेष अवघड जाईल, कारण ऐकता ऐकता मनात उत्तर रचण्याची आम्हांस सवय जडलेली असते. पहिल्या दिवशी बहुधा उत्तर येणारच नाही. ‘काही नाही हो, आता काय त्याचे,’ असे म्हणून ती उठून जाईल. पस्तीस वर्षे बंद असलेले दार एका ठोठावण्याने उघडत नाही. पुन्हा विचारावे. तिनेही, उशिरा का होईना, विचारणारा विचारतो आहे एवढे ध्यानात घेऊन थोडे बसावे. आणि मग तोच प्रश्न उलट त्याला विचारावा. त्याच्याजवळही सांगण्यासारखे काही साठलेले असेल, आणि ते ऐकणारे माणूस त्यालाही दुसरे कोणी नाही.

असे विचारल्यावर तक्रारी निघतील. कित्येक जुन्या असतील, कित्येक क्षुल्लक वाटतील, एखादी अशी असेल की ऐकून रात्री झोप येणार नाही. त्या ऐकून घाबरून जाण्याचे कारण नाही. तक्रार कानी येते आहे, याचा अर्थ समोरच्या माणसाने आपल्यावरची आशा अजून सोडलेली नाही.